बटाट्याचा डोळा

स्वयंपाकघरातील टोपलीत विसरून राहिलेल्या बटाट्याला एखाद्या सकाळी फिकट जांभळे कोंब फुटलेले दिसतात. गृहिणी ते कोंब खुडून टाकते, बटाटा हिरवा पडला नसेल तर चिरून भाजीला लावते, आणि साली केरात जातात. या साध्या घरगुती कृतीत विचार करण्यासारखे काही आहे, असे सहसा कोणाच्या मनात येत नाही. परंतु विळीचे पाते बटाट्यातून फिरते तेव्हा एक निर्णय झालेला असतो. जो भाग पातेल्यात पडला तो आजचे अन्न. आणि ज्या तुकड्यावर डोळा आहे, तो मातीत गेला तर पुढील हंगामाचे पीक. भरल्या घरात या निवडीचे महत्त्व कोणाला जाणवत नाही. दुष्काळात मात्र तिच्यावर लक्षावधी माणसांचे जीवित अवलंबून राहिल्याचे इतिहास सांगतो.

शेतकऱ्याच्या भाषेत या डोळ्याच्या तुकड्याला बेणे म्हणतात. ज्वारी-गव्हाचे ते बियाणे. ऊस, हळद, आले आणि बटाटा यांचे ते बेणे. बियाणे फुलातून, फळातून येते. बेणे हा मूळ झाडाचाच एक अवयव असतो. आपल्या परसातील कितीतरी गोष्टी अशा अवयवांतूनच वाढत आल्या आहेत. मोरीच्या सांडपाण्यावर पोसलेला अळू त्याच्या कंदातून पसरतो. बाजारातून आणलेल्या पुदिन्याची पाने चटणीत जातात, आणि उरलेली काडी ओल्या मातीत खोचली की आठवड्याभरात मूळ धरते. आल्याचा सुरकुतलेला तुकडा, लसणाची मोड आलेली पाकळी, रताळ्याचा वेल, या सर्वांना पुन्हा उगवण्याची शक्ती आहे. कांद्याचा मुळांकडील बुडखा मातीत ठेवला तर त्यातून हिरवी पात येते. मात्र या शक्तीलाही मर्यादा आहेत. गाजराचा शेंडा पाण्यात ठेवल्यास पाला फुटतो, दुसरे गाजर लागत नाही. कारण गाजर हे मूळ आहे आणि कापलेल्या शेंड्यातून तसे मूळ पुन्हा पोसले जात नाही. बटाट्याचे तसे नाही. त्याच्या एका डोळ्यातून सबंध झाड उभे राहते आणि त्याच्या बुडाशी नव्या बटाट्यांचा घोस धरतो.

याचे कारण असे की बटाटा हे मूळ नसून जमिनीखाली फुगलेले खोड आहे. उसाच्या कांडीवर प्रत्येक पेराशी जसा एक डोळा असतो, तसाच बटाट्यावरील खळगा हा खोडावरील कळीचे स्थान होय. बटाट्याच्या ज्या टोकाला असे डोळे दाटीने असतात, ते शेंड्याचे टोक. कोंब प्रथम तेथूनच फुटतात. डोळ्याभोवतीचा पिठूळ गर ही त्या कोंबाची शिदोरी असते. पाने उन्हात येऊन स्वतः अन्न तयार करू लागेपर्यंत कोंब तिच्यावरच जगतो. म्हणून डोळ्याबरोबर थोडा तरी गर ठेवावा लागतो. तो किती ठेवावा आणि किती खावा, हा प्रश्न भुकेल्या माणसाला फार कठीण जातो.

बटाट्याचे माहेर दक्षिण अमेरिकेतील अँडीज पर्वतात आहे. समुद्रसपाटीपासून सुमारे ३,८०० मीटर उंचीवरील तितिकाका सरोवराच्या परिसरात सात ते दहा हजार वर्षांपूर्वी तेथील लोकांनी रानटी बटाट्याला माणसाळवले. रात्रीच्या कडाक्यात बटाटे गोठवून, दिवसा पायांनी तुडवून आणि उन्हात सुकवून ते वर्षानुवर्षे टिकवण्याची कलाही त्यांनी साधली. त्यांच्या शेतीतील सर्वांत शहाणपणाची गोष्ट वेगळीच होती. पांढरे, पिवळे, तांबडे, जांभळे, गोल, लांबट असे अनेक वाणांचे बटाटे ते एकाच शेतात लावीत. एका वाणाला थंडी मारी, दुसऱ्याला कीड लागे, पण सारे शेत एकाच वेळी बुडत नसे.

सोळाव्या शतकात स्पॅनिश लोकांनी इंका साम्राज्य जिंकले आणि त्या शतकाच्या उत्तरार्धात बटाटा युरोपात पोहोचला. आपल्या किनाऱ्यावर नवे पीक आणि त्याचे नाव यांचा मार्ग पोर्तुगीजांनी मोकळा केला. मराठीतील बटाटा हा शब्द पोर्तुगीज भाषेतून आला. पोर्तुगीजांत तो कॅरिबियन बेटांतील तैनो लोकांच्या भाषेतून आला होता, आणि तेथे मुळात ते रताळ्याचे नाव होते. गोवा, कोकण आणि मुंबई या पट्ट्यात तो बटाटा राहिला. इंदूर, ग्वाल्हेर आणि हैदराबाद येथील बाजारांत त्याला आलू म्हणतात. मडगावची बहीण आणि ग्वाल्हेरची बहीण एकच भाजी दोन नावांनी मागतात, त्यामागे असा सागरी इतिहास आहे.

मात्र समुद्र ओलांडून आले ते अँडीजमधील शेकडो वाणांपैकी मोजकेच. युरोपात ते डोळ्यांतूनच वाढवले गेले. डोळ्यातून उगवलेले झाड हे आपल्या जनकाची हुबेहूब प्रत असते. त्याचे गुण तेच आणि दोषही तेच. यामुळे चांगला वाण बिघडल्याशिवाय हजारो शेतांत पोहोचतो. त्याचबरोबर हजारो शेते ही वस्तुतः एकाच झाडाचा विस्तार होऊन बसतात. या गोष्टीची जबर किंमत आयर्लंडने दिली.

१८४१ च्या शिरगणतीनुसार आयर्लंडची लोकसंख्या ८० लाखांहून अधिक होती. जमीन मोठ्या जमीनदारांची, धान्य खंडापोटी जाणारे, आणि कुळाच्या वाट्याला आलेल्या लहानशा तुकड्यात कुटुंबाचे पोट भरील असे पीक एकच, ते म्हणजे बटाटा. त्यातही गरिबांच्या शेतात ‘लम्पर’ या एकाच वाणाचे प्राबल्य होते. हलक्या जमिनीतही तो भरपूर पिके. १८४५ च्या उत्तरार्धात पानांवर काळे डाग दिसू लागले आणि जमिनीतील बटाटे सडून दुर्गंधी सुटली. पहिल्या वर्षी पिकाचा मोठा हिस्सा गेला. १८४६ साली जवळजवळ सर्वच गेले. लम्परचे एक झाड ज्या रोगाला बळी पडत होते, त्याला दुसरे झाड तोंड देईल हे शक्यच नव्हते, कारण पहिले आणि दुसरे असा भेदच त्यांच्यात नव्हता.

रेव्हरंड माइल्स बर्कली या इंग्रज धर्मोपदेशकाने, जो बुरशींचा मोठा अभ्यासक होता, १८४६ मध्येच एका सूक्ष्म बुरशीसारख्या जीवाला या रोगाचे कारण ठरवले. अनेकांना ते पटले नाही. पुढे १८६१ साली जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ आंतोन दे बारी यांनी प्रयोगाने ते सिद्ध केले. पण तोपर्यंत आयर्लंडचे व्हावयाचे ते होऊन गेले होते.

या दुष्काळातील १८४७ हे साल विशेष ध्यानात ठेवण्याजोगे आहे. त्या वर्षी रोगाचा जोर ओसरला होता आणि जे बटाटे लावले गेले ते बव्हंशी निरोगी निघाले. तरीही त्याच वर्षी उपासमारीने कहर केला, कारण लागवडच फार थोडी झाली होती. दोन वर्षांच्या भुकेने लोकांनी बेणे खाऊन टाकले होते. मुलांची उपाशी तोंडे समोर असताना टोपलीतील शेवटचे बटाटे वसंतासाठी राखून ठेवावेत, असे कोणी कोणास सांगावे? आयर्लंडच्या लोकस्मृतींत अशाही कुटुंबांच्या हकिकती आहेत, ज्यांनी बटाट्याचे डोळे थोड्या गरासह कोरून मातीत लावले आणि उरलेला भाग शिजवून खाल्ला. कित्येकांना तेवढाही आधार राहिला नव्हता. सुमारे १० लाख माणसे भूक आणि तापाने मेली, आणि तितकीच किंवा त्याहून अधिक देश सोडून गेली. या सर्व काळात आयर्लंडच्या बंदरांतून धान्य आणि गुरे बाहेर जात होती, हेही येथे नमूद केले पाहिजे. दोष केवळ बुरशीचा नव्हता.

आयर्लंडचा धडा ज्यांनी पुरतेपणी ओळखला, त्यांत रशियन शास्त्रज्ञ निकोलाय वाव्हिलोव्ह यांचे नाव अग्रभागी आहे. १८८७ साली मॉस्कोत जन्मलेल्या या माणसाने जगभर प्रवास करून पिकांचे वाण आणि त्यांचे रानटी भाऊबंद गोळा केले. कोणत्याही पिकाची खरी दौलत त्याच्या जन्मभूमीतील विविधतेत असते, आणि ती दौलत नष्ट होण्यापूर्वी जतन केली पाहिजे, हा त्यांचा सिद्धान्त होता. लेनिनग्राड येथील त्यांच्या संस्थेतर्फे बुकासोव्ह आणि युझेपचुक हे संशोधक १९२५ पासून मेक्सिकोपासून चिलीपर्यंत बटाट्याच्या शोधात हिंडले. १९३२-३३ मध्ये स्वतः वाव्हिलोव्ह पेरू आणि बोलिव्हियात गेले. युरोपला ठाऊक नसलेल्या कितीतरी जाती या मोहिमांतून हाती आल्या.

गव्हा-तांदळाचे नमुने कोरड्या पुडीत वर्षानुवर्षे ठेवता येतात. बटाट्याचा कंद तसा थांबत नाही. त्याला दर वर्षी मातीत घालावे लागते, हंगामानंतर काढावे लागते, आणि हिवाळाभर गोठू न देता व सडू न देता सांभाळावे लागते. एक हिवाळा चुकला की वाण गेला. लेनिनग्राडमध्ये १९४१ चा हिवाळा येत होता.

८ सप्टेंबर १९४१ रोजी जर्मन सैन्याने लेनिनग्राडला, म्हणजे आजच्या सेंट पीटर्सबर्गला, जमिनीवरून पूर्ण वेढा घातला. तो २७ जानेवारी १९४४ रोजी उठला. २० नोव्हेंबर ते २५ डिसेंबर १९४१ या काळात कामगाराला दिवसाला २५० ग्रॅम आणि मुले, वृद्ध व इतरांना १२५ ग्रॅम पाव मिळे, आणि त्यातही भेसळ असे. पुष्कळ अभ्यासकांच्या मते वेढ्यात आठ लाखांच्या आसपास किंवा अधिक नागरिक मृत्यू पावले, आणि त्यांतील बहुतेक भुकेने.

वेढा पडण्याच्या सुमारास शहराबाहेरील पावलोव्स्क येथे बटाट्यांचा संग्रह अजून शेतात उभा होता. अब्राहम कामेराझ आणि ओल्गा वोस्क्रेसेन्स्काया यांनी तोफांच्या माऱ्यात ते कंद खणून शहरात आणले. संस्थेच्या तळघरात त्यांची व्यवस्था लावण्यात आली आणि वादिम लेखनोविच हे त्यांची राखण करू लागले. बाहेर पारा शून्याच्या कितीतरी खाली गेला असताना मिळेल ते लाकूड जाळून तळघर उबदार ठेवावयाचे, उंदरांपासून कंद वाचवावयाचे, आणि स्वतः उपाशी राहून अन्नाच्या ढिगाशेजारी बसावयाचे, असे हे काम होते. त्याच इमारतीत भुईमुगाचे अभ्यासक श्चुकिन आणि भाताचे अभ्यासक इव्हानोव्ह यांनी धान्याच्या पुड्यांच्या सान्निध्यात भुकेने प्राण सोडले. असे इतरही कित्येक सहकारी गेले. उठणे, चालणे, हात हलवणे फार कठीण होते, परंतु संग्रह न खाणे कठीण नव्हते, अशा आशयाचे उद्गार लेखनोविच यांनी पुढे काढले. त्या नमुन्यांत त्यांच्या आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या आयुष्याचे काम होते, आणि युद्धानंतर देशाची शेती पुन्हा उभी करावयाची तर ते लागणार होते. १९४२ च्या वसंतात ते कंद वेढ्याच्या आतील जमिनीत लावले गेले आणि वाण जगले.

त्याच वसंतात सबंध शहर शेतीला लागले. बागा, चौक, अंगणे खणून भाज्या लावण्यात आल्या. संस्थेची इमारत ज्या सेंट आयझॅक चौकाशी आहे, त्या चौकात भव्य चर्चपुढे कोबीचे वाफे फुलल्याची छायाचित्रे आजही पाहावयास मिळतात.

बटाट्याचे बेणे मात्र सर्वच देशाला कमी पडत होते. पश्चिमेकडील सुपीक मुलूख शत्रूच्या ताब्यात गेला होता. अशा वेळी सोव्हिएत सरकारने एक मोहीम चालवली. खाण्यासाठी आणलेल्या बटाट्याचा डोळे असलेला शेंडा कापून ठेवावयाचा, उरलेला बटाटा शिजवावयाचा, आणि जमा झालेले शेंडे लागवडीसाठी वापरावयाचे. उपाहारगृहांच्या आणि घरांच्या स्वयंपाकघरांतून असे शेंडे गोळा होऊ लागले. आयरिश कुटुंबांनी अगतिकपणे केलेली गोष्ट येथे राज्याचे धोरण झाली. तिचा पुरस्कर्ता होता त्रोफीम लायसेंको. टंचाईत डोळे लावण्याची युक्ती शेतकऱ्यांना पूर्वापार ठाऊक होती, पण तिच्याबद्दल १९४३ साली त्याला स्टालिन पारितोषिक देण्यात आले.

आता इतिहासातील एक दारुण योगायोग सांगावयास हवा. लायसेंको हा आनुवंशशास्त्राचा कट्टर विरोधक होता आणि सत्ताधाऱ्यांचा लाडका. वाव्हिलोव्ह यांनी शास्त्राची बाजू सोडली नाही. ६ ऑगस्ट १९४० रोजी त्यांना अटक झाली. ज्या वर्षी लायसेंकोला बटाट्याच्या शेंड्यांसाठी गौरवण्यात आले, त्याच १९४३ साली, २६ जानेवारी रोजी, अँडीजमधील बटाटे आपल्या देशात आणणारा हा शास्त्रज्ञ साराटोव्हच्या तुरुंगात कुपोषणाने खंगून मरण पावला. याच साराटोव्ह शहरात तरुणपणी त्यांनी प्राध्यापक म्हणून नाव मिळवले होते. १९५५ साली त्यांच्यावरील आरोप रद्द झाले, आणि पुढे त्यांच्या संस्थेला त्यांचेच नाव देण्यात आले. लायसेंकोची सद्दी १९६५ च्या सुमारास संपली.

यावरून शेंडे लावण्याचा सल्ला चुकीचा होता असे म्हणता येणार नाही. त्याने भुकेल्या देशाला अन्न दिले असणार आणि स्वयंपाकघरातील बाईला पिकाच्या कामात वाटेकरी केले. परंतु डोळा जे आहे तेच परत देतो. रोगट वाणाचा डोळा रोगट झाड देईल. लम्परचा डोळा लम्परच देईल. नवा गुण हवा असेल तर फुलाकडे, फळाकडे आणि बियाकडे वळावे लागते. अमेरिकेतील ल्यूथर बरबँक यांना १८७० च्या दशकाच्या आरंभी बटाट्याच्या झाडावर एक फळ आढळले. त्यातील २३ बिया त्यांनी पेरल्या, आणि त्यांच्या झाडांपैकी एकाने पुढे जगप्रसिद्ध झालेला वाण दिला. आयर्लंड बुडवणाऱ्या रोगाशी झुंजण्याची शक्ती विसाव्या शतकातील पैदासकारांना मेक्सिकोतील रानटी बटाट्यांत सापडली. ते रानटी बटाटे कोणी शोधले नसते आणि जपले नसते, तर नुसत्या शेंड्यांनी हे घडले नसते. स्वयंपाकघराने डोळा राखावा आणि संशोधनगृहाने विविधता राखावी. या दोहोंपैकी एकाला मान आणि दुसऱ्याला तुरुंग, ही वाटणी कोणत्याही देशाला परवडणारी नाही.

भारतातही या प्रश्नाची दखल स्वातंत्र्यानंतर लवकरच घेतली गेली. १९४९ साली पाटण्यास केंद्रीय बटाटा संशोधन संस्था स्थापन झाली आणि १९५६ साली तिचे मुख्य ठाणे सिमल्यास गेले. डोळ्यातून डोळा अशी लागवड वर्षानुवर्षे चालली की विषाणूंचे रोग बेण्यात साठत जातात आणि उत्पन्न उतरते. हे विषाणू मावा नावाची बारीक कीड पसरवते. उत्तरेच्या मैदानात हिवाळ्यात मावा अगदी कमी असतो, त्या मुदतीत निरोगी बेणे तयार करण्याची पद्धत या संस्थेने बसवली. आज पुणे जिल्ह्यातील सातगाव पठारावर पावसाळी बटाटा घेणारा शेतकरी पंजाबकडील बेणे आणतो, त्याचे कारण हेच.

म्हणून बाजारच्या बटाट्याचा डोळा शेतात नेऊ नये. घरच्या कुंडीत किंवा जुन्या पोत्यात मात्र तो खुशाल लावावा. साठवणीत कोंब येऊ नये म्हणून काही बटाट्यांवर औषध मारलेले असते, ते उगवणार नाहीत. ज्याला आपोआप मोड आला आहे तो घ्यावा. एक-दोन ठसठशीत डोळे आणि भोवती भरपूर गर राहील असा तुकडा कापावा, दोन-तीन दिवस सावलीत ठेवून जखम सुकू द्यावी, आणि मग डोळा वर करून चार बोटे खोल मातीत ठेवावा. झाड वाढेल तशी बुडाशी मातीची भर घालावी, कारण नवे बटाटे त्या भरीतच धरतात. थंड रात्री त्यांना मानवतात. म्हणून इंदूर, ग्वाल्हेर येथे हिवाळ्यात हा प्रयोग चांगला साधतो आणि गोव्याच्या किनाऱ्यावर फळ थोडे मिळते. सुमारे तीन महिन्यांनी पाने पिवळी पडली की खणावे. उघडे पडून हिरवे झालेले बटाटे आणि कोंब खाऊ नयेत, त्यांत विषारी द्रव्य असते.

कुंडीतून निघतील ते फार तर पाच-सहा बटाटे. एका वेळच्या भाजीलाही ते कदाचित पुरणार नाहीत. परंतु घरातील मुलाने तो तुकडा स्वतःच्या हाताने लावला असेल, तर खणताना त्याला एक गोष्ट समजावून सांगता येईल. आयर्लंडमध्ये हाच तुकडा राखता आला नाही म्हणून माणसे मेली, आणि लेनिनग्राडमध्ये तो राखण्यासाठी काही माणसे उपाशी राहिली. त्यानंतर त्या पाच-सहांतील एक बटाटा पुढील हंगामासाठी बाजूला ठेवावयाचा की नाही, हे त्याचे त्यालाच ठरवू द्यावे.